सहावी पायरी

डॉ. पळसुले कागद वाचत नव्हते, नुसता हातात धरून बसले होते, हे हेमांगीच्या लक्षात आलं तेव्हा तिचं निम्मं बोलून झालं होतं. ती थांबली. थोड्या वेळाने त्यांनी मान वर केली.

“संपलं?”

“नाही. तुमचं वाचून व्हायची वाट बघतेय.”

त्यांनी आलेखावरून एकदा नजर फिरवली आणि कागद टेबलावर पालथा ठेवला. परवा शुक्रवारी समिती येणार होती. तीन रुग्णालयांतून चाळीस रुग्ण येणार होते. अशा वेळी यंत्राच्या परतीच्या वाहिनीवर दिसणाऱ्या बारीकसारीक गोंगाटाकडे बघायला आपल्याला सवड नाही, असं त्यांनी शांतपणे सांगितलं. हातमोजा जुना झाला असेल, बदलून घ्या, म्हणाले. हेमांगीने तो तीनदा बदलला होता. गोंगाट कधी वर जातो, कधी खाली येतो. सात महिने रोज तेवढाच चढत जात नाही, हेही तिने सांगितलं. सांगताना आवाज चढू नये म्हणून तिने दोन्ही हात मांडीवर एकमेकांत घट्ट अडकवून ठेवले होते.

“तुमचं म्हणणं काय आहे, हेमांगी? नेमकं?”

“सहावी पायरी परत घालायची. आणि मावशीला थांबवायचं. आजपासून.”

पळसुले हसले. “चिखलात हात घालायची पायरी मी समितीपुढे ठेवू? उद्या पेपरात येईल, शास्त्रज्ञांनी भगताचं दुकान उघडलं म्हणून.”

पळसुले वाईट माणूस नव्हते, हीच अडचण होती. तरुणपणी त्यांनी गावोगाव फिरून नारळातून करणी काढणाऱ्यांची हातचलाखी भर चौकात उघडी पाडली होती, त्यासाठी एकदा डोकंही फोडून घेतलं होतं. अंगारा, उतारा, गंडा असलं काही ऐकलं की त्यांच्या कपाळाची शीर उडायची. त्यांना जगात दोनच गोष्टी दिसत, मोजता येणाऱ्या आणि लबाडीच्या. हेमांगीलाही कालपरवापर्यंत तसंच दिसत होतं.

सुरुवात तिनेच केली होती. चार वर्षांपूर्वी, दिवाळीच्या सुट्टीत.

तिची मावशी, चंद्रावती घाडी, कुडाळच्या पलीकडे माळखोलला राहायची. विंचू चावलेला, भाजलेला, मुतखड्याने तळमळणारा माणूस लोक तिच्याकडे आणत. मावशी दुखऱ्या जागेवर दोन बोटांच्या अंतरावर तळहात धरायची, आणि पाऊण तासात माणूस कण्हायचा थांबायचा. ती फक्त दुखणं उतरवते, विष नाही, हे तिला स्वतःला पक्कं ठाऊक होतं. विंचवाचा माणूस ती कण्हणं थांबताच रुग्णालयात धाडायची, अनेकदा स्वतः रिक्षात बसून न्यायची. हायस्कूलची सहा वर्षं हेमांगी तिच्याकडेच वाढली. पुढे हेमांगीने शरीरातली अतिसूक्ष्म विद्युतक्षेत्रं मोजण्यात डॉक्टरेट मिळवली आणि तिला मावशीच्या हाताची लाज वाटू लागली. त्या दिवाळीच्या सुट्टीत ती आपला संवेदक बॅगेत घालून घरी गेली, ती मावशीच्या हातात काही नाही हे एकदाचं सिद्ध करायला.

हातात काहीतरी होतं. सेकंदाला अकरा स्पंदनांचं क्षेत्र, इतकं क्षीण की भिंतीतल्या विजेच्या तारेने ते बुडून जावं. पडदा लावून, पलीकडे मावशी आहे की रिकामी खुर्ची हे रुग्णाला आणि नोंद घेणाऱ्याला कळू न देता तिने ऐंशी वेळा मोजलं. खुर्ची होती तेव्हा दुखणं थांबलं नाही. मावशी होती तेव्हा थांबलं.

नंतर कारणही सापडलं. वेदना म्हणजे मज्जातंतूंतून धावणारे विजेचे ठोके. जखम ताजी असते तेव्हा ते वेडेवाकडे, एकामागून एक आदळत राहतात. मावशीच्या तळहाताचं क्षेत्र त्या ठोक्यांची लय पकडायचं आणि मग तिला नेमक्या उलट्या क्षणी अडवायचं. हलणारा झोपाळा थांबवायला आपण त्याच्याशी कुस्ती करत नाही. तो आपल्याकडे येतो तेव्हा तळहात पुढे धरतो. तीन-चार वेळा तसं केलं की तो निवतो. एवढंच होतं ते. क्षेत्र क्षीण म्हणून एका वेळी एक माणूस. ते वाढवता आलं तर एका वेळी चाळीस.

अर्जात ‘हस्तक्षेत्र वर्धन प्रकल्प’ असं लिहिलं होतं. प्रयोगशाळेत सगळे त्याला ‘जादू’ म्हणत. तांब्याच्या जाळीचा हातमोजा मावशीच्या हाताचं क्षेत्र टिपायचा, यंत्र ते चारशे पटींनी वाढवायचं आणि रुग्णांच्या खाटांखालच्या पत्र्यांतून सोडायचं. त्या यंत्राचं नाव जादूचा डबा. मंत्र, जादू, उतारा हे शब्द कागदावर मात्र कुठेही येऊ द्यायचे नाहीत असा पळसुल्यांचा सक्त हुकूम होता. जादूटोण्याविरुद्धचा कायदा होता, आणि त्यांचा स्वतःचा आयुष्यभराचा लढा होता.

मावशीच्या पद्धतीचा पहिला मसुदा हेमांगीने लिहिला तेव्हा त्यात सहा पायऱ्या होत्या. हात धुणे, रुग्णाला आडवे करणे, वगैरे पाच. सहावी अशी : काम झाल्यावर दोन्ही हात मनगटापर्यंत पाण्याच्या पाटाकडच्या ओल्या मातीत घालून तासभर बसणे, दुसऱ्या दिवशीच्या सूर्योदयापर्यंत कोणालाही हात न लावणे, दुसरा रुग्ण न घेणे. पळसुल्यांनी त्या ओळीखाली लाल रेघ मारून विचारलं होतं, ‘हे काय?’ आणि हेमांगीने ती ओळ काढली होती. नुसती काढली नव्हती. वगळल्याचं कारण या रकान्यात तिने स्वच्छ अक्षरात लिहिलं होतं : ‘सांस्कृतिक रूढी. परिणामाशी संबंध नाही.’ खाली तिची सही.

झोपाळा थांबवणाऱ्या हाताला धक्का बसतो. बारावीच्या मुलालाही विचारलं असतं तरी त्याने सांगितलं असतं.

त्या बुधवारी पळसुल्यांच्या समोरून ती उठली. टेबलावरचा पालथा कागद उचलला आणि दार लावून घेतलं. डोंगरावरच्या त्या संस्थेत सगळीकडे फरश्या होत्या. निवासापर्यंतच्या रस्त्यावर, बागेत, कारंज्याभोवतीसुद्धा. मावशीला इथे आणून सात महिने झाले होते, आणि पाय मातीला लागेल अशी एक जागा हेमांगीला वाटेत दिसली नाही.

मावशी ओट्याशी उभी राहून तांदूळ निवडत होती. हेमांगीला बघून तिने चहाचा कप भरला आणि टेबलावर ठेवून पुढे सरकवला. हातात दिला नाही. गेले चार महिने ती असंच करत होती. पूर्वी सुट्टीला घरी गेलं की चाळिशीच्या हेमांगीलाही पुढ्यात बसवून ती केसांना तेल लावायची. इथे आल्यावर ते तीन महिने चाललं आणि मग एके दिवशी थांबलं. हेमांगीने विचारलं तर म्हणाली, कंटाळा आला. हेमांगीला ते लागलं होतं. शहरात आणून डांबलं म्हणून मावशी रुसली, असं समजून तीही मनातून घट्ट झाली होती. जेवताना दोघी बातम्या ऐकत.

“हात दाखव,” हेमांगी म्हणाली.

मावशीने हात पदराखाली घेतले. हेमांगीने पुन्हा मागितले. मावशी म्हणाली, तांदळात खडे फार निघतात इकडे. तेव्हा सकाळपासून आवरून धरलेलं सगळं हेमांगीच्या डोक्यात चढलं. तिने टेबलाला वळसा घालून मावशीचं मनगट धरलं आणि तळहात आपल्या हातात ओढून घेतला.

आधी दात. खालचा, उजवीकडचा, मुळापासून. मग कमरेत कोणीतरी तापलेली सळी फिरवल्यासारखं. मग पोटात, मग पाठीवर चामडी सोललेली जागा, आणि त्या जागेवर कपडा. ही तिची दुखणी नव्हती. ती ज्यांची होती त्यांतलं कोणीही तिच्या ओळखीचं नव्हतं, तरी प्रत्येक जण वेगळा कळत होता, गर्दीत प्रत्येकाचा आवाज वेगळा कळावा तसा. मावशीने हात हिसकून घेतला तेव्हा हेमांगी जमिनीवर बसलेली होती आणि कप फुटलेला होता.

“हात लावू नको माका,” मावशी म्हणाली. ती रडवेली नव्हती. संतापली होती. “म्हणान तुझ्या केसांका लावणंय नाय. कळला?”

हेमांगी टेबलाला धरून उठली. मग तिने विचारलं, इतके दिवस का सांगितलं नाहीस.

“तुका इचारलंय मी. दुसऱ्या म्हयन्यात. माती खंय मिळात, म्हणान. तू काय म्हणालंस? मावशे, त्येची आता गरज नाय.” मावशीने फुटक्या कपाचे तुकडे पायाने एका बाजूला केले. “माका वाटला, तां काम यंत्र करता. तुमी शिकलेली माणसां, त्या मोज्यातच कायतरी सोय केल्यात असतली. सगळ्यांचा माझ्याकडेच रवला, ह्या माका खूप उशिरा समाजला.”

“मग तेव्हा का नाही...”

“दारात माणूस येय तळमळत. त्येका काय सांगू? माझ्या भाचयेन एक ओळ खोडल्यान, तू घरी जा?”

म्हणजे तिला तेही कळलं होतं. हेमांगीने मान खाली घातली. तिला पळसुल्यांचा राग आला, त्या लाल रेघेचा आला, फरश्यांचा आला. आणि हे सगळे राग एकापुढे एक लावून बघितले तरी त्यांच्या टोकाला तीच सही होती.

गुरुवारचा दिवस तिने मोजण्यात घालवला. मावशीला मातीच्या कुंड्या आणून दिल्या, रोपं उपटून टाकली, पाणी ओतलं. तासाभराने डाव्या हाताचा आकडा किंचित उतरला. उजव्याचा, म्हणजे मोजा घालायच्या हाताचा, ढिम्म हलला नाही. कारण तिच्या पुढ्यातच होतं. रुग्णाची लय धरून ठेवायची तर यंत्राला त्याच्याकडून सतत परत कळत राहावं लागतं. त्या परतीच्या वाटेने रुग्णांचे ठोके मोज्यात येत होते, आणि तेही चारशे पटींनी. ओल्या मातीत ते वाहून जातात. न गेले तर मज्जातंतू ते शिकून घेतो, वाट पडते, आणि एका मर्यादेपलीकडे ती वाट पुसत नाही.

शुक्रवारी सकाळी दहाला सभागृहात चाळीस खाटा लागल्या. समितीच्या अध्यक्षा डॉ. ओक भूलतज्ज्ञ होत्या, वेदनेचं गणित त्यांना कोणी शिकवायला नको होतं. त्यांची मान हलली की प्रकल्पाला कायमची मान्यता मिळणार होती आणि आठ जिल्ह्यांतून हेरून ठेवलेली मावशीसारखी चोवीस माणसं बोलावली जाणार होती. मावशी मधल्या खुर्चीत मोजा घालून बसली होती. नको येऊस, असं हेमांगीने तिला तीनदा सांगितलं होतं. मावशी म्हणाली होती, चाळीस माणसां इली हत, मी नाय कशी जाऊ. तुका थांबवूचा आसात तर तू थांबव.

पळसुले प्रस्तावना करायला उठले, त्याआधी हेमांगी उठली. तिने एक मिनिट मागितलं. रुग्णांच्या तारा जोडायच्या आहेत, त्याआधी फक्त मोजा जोडते, म्हणाली. समोर रुग्ण नाही, तेव्हा पडद्यावर मावशीच्या स्वतःच्या हाताचा बारीकसा आकडा दिसायला हवा. तिने मोजा जोडला. पडद्यावरची रेघ उसळून वर गेली आणि तिथेच थरथरत राहिली.

“हे काय आहे?” डॉ. ओकांनी विचारलं.

हेमांगीने चार वाक्यांत सांगितलं. झोपाळा, हात, धक्का, माती.

पळसुले पडद्याकडे बघत होते. तेवढे काही क्षण ते नुसते शास्त्रज्ञ होते, आणि त्यांना कळलं होतं, हे तिने त्यांच्या चेहऱ्यावर वाचलं. मग त्यांनी समितीकडे तोंड वळवलं. “या बाई हेमांगींच्या सख्ख्या मावशी आहेत. भावना मी समजू शकतो. पण मातीच्या विधीचा परिणामाशी संबंध नाही असं आमच्या पद्धतीच्या कागदात स्पष्ट नोंदलेलं आहे.”

“कोणी नोंदलंय?”

“मी,” हेमांगी म्हणाली.

“तेव्हा खोटं लिहिलं होतं, की आता खोटं बोलताय?”

“तेव्हा. मला माहीत नव्हतं, आणि माहीत असल्यासारखं लिहिलं.”

आज यंत्र सुरू केलं तर काय होईल, असं डॉ. ओकांनी विचारलं. मावशीच्या हातातून जे निघेल ते चारशे पटींनी या चाळीस जणांत जाईल. तो आराम असेल की वेदना हे मी सांगू शकत नाही, हेमांगी म्हणाली. डॉ. पळसुलेही सांगू शकत नाहीत. पळसुले म्हणाले की सात महिन्यांत एकाही रुग्णाने तक्रार केलेली नाही, आणि त्यांनी तंत्रज्ञाला तारा जोडायची खूण केली.

हेमांगीने मोज्याची मुख्य केबल यंत्रातून उपटली, टोकाची तांब्याची सुई वाकवली आणि खिशात घातली. ती सुई तिने स्वतः बनवली होती. दुसरी नव्हती.

नंतर त्या दिवसाचं जे तिच्या मनात राहिलं त्यात पळसुले नव्हते. खाटा परत बाहेर नेताना हाडांच्या कर्करोगाचे एक आजोबा तिच्याजवळ आल्यावर कुशीवर वळले. “सात तास हाडं खिळखिळी करत आलो, बाई. तुमचं आपसातलं आधी मिटवायचं होतं,” ते म्हणाले. त्यांचं बरोबर होतं.

सोमवारी तिला कारणे दाखवा नोटीस आली. समितीच्या टिपणात ‘तांत्रिक कारणास्तव तीन महिने तहकूब’ असं आलं. मातीचा, हाताचा, मावशीचा उल्लेख नव्हता. निवडलेल्या चोवीस माणसांसाठीची सूचना संस्थेच्या संकेतस्थळावर तशीच होती, खाली पाच पायऱ्यांची पद्धत जोडलेली. हेमांगीने चोवीसही जणांचे पत्ते शोधले, प्रत्येकाला सहाव्या पायरीविषयी हाताने पत्र लिहिलं, आणि मावशीला घेऊन माळखोलला आली.

माळखोलला माती होती. सुपारीच्या बागेतल्या पाटाशी मावशी रोज सकाळ-संध्याकाळ हात रुतवून बसायची आणि हेमांगी संवेदक घेऊन शेजारी. डावा हात अडीच महिन्यांत निवला. त्याचं मूळचं क्षेत्र मात्र परत आलं नाही; तो आता एका म्हाताऱ्या बाईचा साधा हात होता. उजवा तसाच राहिला. मावशी त्याने भांडी घासायची, गवत कापायची, माणसाजवळ गेली की पदरात गुंडाळायची. या दिवसांत दोघींत भांडण झालं नाही. मावशी बोलायची ती मीठ, पाणी, लाकडं एवढ्यापुरतं.

मार्चमध्ये एका दुपारी शेजारच्या वाडीतली सुहासिनी धावत आली. मागे दोघांनी तिच्या नवऱ्याला उचलून आणलं होतं. चिऱ्यांचा ट्रक खाली करताना त्याला लाल विंचू चावला होता. हेमांगीने त्याला गाडीत मागे आडवा केला, डोकं बायकोच्या मांडीवर. पायांशी मावशी न सांगता चढून बसली. तालुक्याचं रुग्णालय पंचवीस मिनिटांवर होतं. हेमांगीने निघतानाच फोन करून ठेवला होता. तिथे औषध तयार असणार होतं. माणूस वाचेल, हे तिला बऱ्यापैकी माहीत होतं. पण पंचवीस मिनिटं होती, आणि तो ओरडत होता.

“काकी, हात लाव गे,” सुहासिनी म्हणाली. “तुझ्या पाया पडतंय. एकदा लाव.”

आरशात हेमांगीला मावशी दिसत होती. दोन्ही हात मांड्यांखाली घालून ती त्यांच्यावर बसली होती. गाडी खड्ड्यातून गेली की उजवा हात मांडीखाली दाबला जाऊन तिचा चेहरा पांढरा पडत होता.

“माझो हात आता नको, बाये.”

“नको कसो? माझ्या सासऱ्याक लावलंस. ह्येका नाय?” सुहासिनीचा आवाज चिरकला. “आमी काय केला तुजा?”

मावशीने कोणाला दुसऱ्या सकाळपर्यंत थांबवलं असेल, पण चाळीस वर्षांत तिने कोणाला परत पाठवलं नव्हतं. आता एका माणसाच्या पायाशी बसून ती खिडकीबाहेर बघत होती.

“तिला नको बोलूस,” हेमांगी म्हणाली. रस्त्यावरची नजर तिने हलवली नाही. “तिचे हात मी घालवले.”



“मगे आता तू काय करतलंस?” सुहासिनीने विचारलं.

हेमांगीने तोंड उघडलं, पण तिच्याआधी मावशीच बोलली. आवाजात माया नव्हती, राग तर पुरेपूर होता.

“ती गाडी चालवता हा. चालवू दी तिका.”

पुढे घाटाचं वळण होतं. हेमांगीने वेग कमी केला नाही.